कोपऱ्यातली पट्टी

भाचीच्या कॉम्प्युटरच्या पडद्यावर, उजव्या हाताच्या खालच्या कोपऱ्यात, कागदी चिकटपट्टीचा एक तुकडा लावलेला होता. नवं गिऱ्हाईक आलं की त्याला वाटायचं, काच तडकलेली दिसते. काच धडधाकट होती. ती पट्टी मामांनी स्वतःच्या हातानं लावली होती, वर अंगठ्यानं नीट दाबून. पुढं जे रामायण घडलं त्याची सुरुवात त्या अंगठ्यापासून धरायला हरकत नाही.

दुकान मामांचं. लेबलं, पाट्या, पत्रकं, ओळखपत्रं, जे म्हणाल त्याचं डिझाईन इथं करून मिळायचं आणि छपाई व्हायची गल्लीच्या टोकाला, काकांच्या छापखान्यात. हे काका कुणाचेच सख्खे काका नव्हते, पण अख्खी गल्ली त्यांना काकाच म्हणायची. दुकानाच्या पुढच्या खोलीत मामा गिऱ्हाइकांशी गोड बोलायचे आणि आतल्या खोलीत भाची काम करायची. ती मामांच्या बहिणीची मुलगी, पण इतकी वर्षं झाली होती की गिऱ्हाइकंसुद्धा तिला भाचीच म्हणू लागली होती.

डिझाईनच्या सॉफ्टवेअरला दरवर्षी पैसे भरावे लागतात हे कळलं तेव्हा मामा भडकले. “सॉफ्टवेअरला भाडं? ते काय राहतं घर आहे?” मग त्यांच्या एका दोस्तानं तेच सॉफ्टवेअर पेनड्राइव्हवर फुकटात आणून दिलं. कुणीतरी कुलूप तोडून वाटायला ठेवलेलं, ज्याला धंद्यातले लोक क्रॅक म्हणतात. सोबत सूचना होत्या. आधी अँटिव्हायरस बंद करा, मग हा छोटा प्रोग्राम चालवा, आणि अँटिव्हायरस पुन्हा कधीही चालू करू नका. घरफोड्यानं आधी कुत्रा बांधून ठेवायला सांगावं आणि घरमालकानं तो हौसेनं बांधावा, तसं मामांनी ते सगळं मनोभावे केलं.

सॉफ्टवेअर सुरू झालं. पण कॉम्प्युटर काही गप्प बसेना. कोपऱ्यात सारखी एक लाल चौकट उगवायची, ‘संरक्षण बंद आहे’ म्हणून. बंद केली की पुन्हा हजर. शेवटी मामा चिकटपट्टीचं रीळ घेऊन आले आणि त्यांनी तिचं तोंडच बंद केलं.

“चोर येऊन नेणार काय इथलं?” ते म्हणाले. “लेबलं?”

भाचीनं तेव्हा हूं की चूं केलं नाही. तिलाही ती चौकट मधेमधे करायची, ती दिसेनाशी झाली तर बरंच वाटलं. शिवाय मामांपुढं बोलायचं कोणत्या तोंडानं? तान्ही मुलगी घेऊन तिला कुणी कामावर ठेवत नव्हतं तेव्हा मामांनी ठेवलं. आतल्या खोलीत कागदाच्या गठ्ठ्यांमध्ये पाळणा बांधला. पोरगी रडली की मामा गिऱ्हाइकाला तसंच ताटकळत ठेवून झोका द्यायला धावायचे. तिला भिंगरी म्हणायला त्यांनीच सुरुवात केली आणि तेच नाव चिकटलं. असल्या उपकाराखाली माणूस आपखुशीनं दबून राहतं.

मग औषधवाल्यांचं काम आलं. मुलांच्या खोकल्याच्या औषधाचा त्यांचा छोटासा कारखाना होता आणि त्यांना बाटलीवर नवं लेबल हवं होतं. निळी लाट, तिरपा चमचा आणि वर हसणारं मूल. मुलाचा फोटो ते नंतर पाठवणार होते. असं झालं की या धंद्यात जागा धरून ठेवतात, म्हणजे खरा फोटो येईपर्यंत हाताशी असेल तो फोटो तिथं बसवतात. भाचीच्या हाताशी भिंगरी होती. पुढचे दोन्ही दात पडलेले, आणि आईची कात्री पळवून कपाळावरची बट स्वतःच कापलेली, त्यामुळे एका बाजूला नुसते खुंट. तो फोटो भाचीनं लेबलात बसवला, मामांना दाखवला, दोघं पोट धरधरून हसले. मग तिनं ती फाईल सेव्ह केली आणि नाव दिलं ‘फायनल’.

या धंद्यातलं माणूस पहिल्याच फाईलला फायनल म्हणतं. मग येते ‘फायनल नवीन’, मग ‘खरं फायनल’, आणि रडकुंडीला आल्यावर ‘हेच फायनल’. औषधवाल्यांकडून आलेला गुबगुबीत मुलाचा फोटो ‘हेच फायनल’मध्ये होता. काकांकडे तेवढीच फाईल गेली, तिच्याच छपाईच्या प्लेटा झाल्या, तेच छापलं गेलं. भिंगरीचं लेबल त्या खोलीबाहेर कधी गेलंच नाही, असं भाची धरून चालली होती.

मग काही महिन्यांनी एका सकाळी औषधवाले दुकानात आले ते बसलेच नाहीत. काकांनाही त्यांनी बोलावून घेतलं होतं. काका हाताची शाई चिंधीला पुसत दारातच उभे राहिले. औषधवाल्यांनी पिशवीतून दोन बाटल्या काढून टेबलावर आदळल्या.

“ही माझी. आणि ही बाजारात आलीय. दुकानदाराला स्वस्तात मिळाली म्हणून त्यानं ठेवली. आत औषध नाहीच, साखरेचं पाणी आणि कसलासा रंग. एका बाईचं पोर हे पिऊन खोकून खोकून निळं पडलं. ती माझ्या दारात येऊन मला वाट्टेल ते बोलली, आणि मी ऐकून घेतलं.”

मामा चुकचुकले. “अरेरे! काय माणसं असतात!”

“लेबल बघा. लाट तीच, चमचा तोच, बारीक अक्षरांतली ओळ न ओळ तीच. हे बघून काढलेलं नाही, मूळ डिझाईनच कुणीतरी पोचवलंय. फक्त पोर बदललंय चोरांनी. तेही कुठलं ध्यान उचललंय बघा!”

भाचीनं बाटली हातात घेतली. ते ध्यान तिची मुलगी होती.

पडलेल्या दातांची खिडकी सताड उघडी टाकून भिंगरी हसत होती. कपाळावर ते खुंट. ही इथं कशी आली? कुणाला दिला आपण हा फोटो? कुणालाच नाही. तो आतल्या कॉम्प्युटरमध्ये होता, ‘फायनल’ नावाच्या फाईलमध्ये. चोराला काय माहीत की या दुकानात फायनल म्हणजे कच्चं. त्यानं नाव वाचलं आणि उचललं.

तिनं मामांकडे पाहिलं. मामांनीही बाटली पाहिली होती आणि भिंगरीला ओळखलंही होतं, कारण त्यांच्या चेहऱ्यावरचं गिऱ्हाइकी हसू जसंच्या तसं राहिलं होतं, डोळे तेवढे विझले होते. त्यांनी तिच्या हातातून बाटली काढून घेतली आणि टेबलावर ठेवताना लेबल भिंतीकडे केलं.

“डिझाईन दोनच ठिकाणी होतं,” औषधवाले म्हणाले. “इथं आणि छापखान्यात. मामांना मी ओळखतो. आता काका, तुम्ही बोला. प्लेटा कुणाला दिल्या?”

“प्लेटा माझ्याकडेच आहेत,” काका म्हणाले. “चला, आत्ता दाखवतो.”

“नकलीवाल्यांचं काम झाल्यावर दाखवायला काय जातंय?”

काकांचा चिंधी फिरवणारा हात थांबला. बिघडलेले कागद रद्दीत घालतानासुद्धा हा माणूस ते चार तुकडे करून घालायचा, कुणाचं काम कुणाच्या नजरेला पडू नये म्हणून. “मी नाही दिलं हो,” एवढंच तो म्हणाला, आणि ते इतकं साधं होतं की खोटं वाटलं.

“माझं काम उद्यापासून दुसरीकडे छापलं जाईल. आणि माझ्या ओळखीच्या एकूण एक कारखानदाराला मी सांगणार आहे, या छापखान्याची पायरी चढू नका. मामा, तुम्ही मला ताबडतोब नवं लेबल करून द्या. सगळं बदला.”

“देतो की,” मामा म्हणाले. “भाची आजच बसेल.”

“मामा, तुम्ही तरी सांगा यांना,” काका म्हणाले.

मामा टेबलावर पेन शोधू लागले. पेन त्यांच्या खिशाला होतं.

भाची उठून आतल्या खोलीत गेली. कॉम्प्युटरपुढं उभी राहिली, नख घातलं आणि पट्टी ओढून काढली. गोंदाचा पिवळा डाग काचेवर राहिला आणि त्या डागामागे ती लाल चौकट होती. इतके दिवस बिचारी पट्टीआड तेच सांगत राहिली होती. भाचीनं अँटिव्हायरस चालू केला.

मामा मागोमाग आले आणि त्यांनी दार लोटून घेतलं. “अगं, काय करतेस? सॉफ्टवेअर बंद पडेल!”

“पडू दे.”

फार वेळ लागला नाही. सॉफ्टवेअरचं कुलूप उघडणाऱ्या त्या छोट्या प्रोग्रामचं नाव पडद्यावर आलं आणि त्याच्यापुढं लाल अक्षरांत काय ते स्वच्छ लिहिलेलं होतं: माहिती चोरून बाहेर पाठवणारा. मामांनी चष्मा वर केला, वाचलं, चष्मा पुन्हा खाली केला.

“काढून टाक ते,” ते हळूच म्हणाले. “आणि विषय संपव. बाहेर काही बोलायचं नाही.”

“काका चोर ठरतायत, मामा.”

“काकांचं वय झालंय. ते आता किती दिवस मशीन चालवणार आहेत? आपल्याला अजून खूप दिवस काढायचेत. तुझी पोरगी शिकायचीय.”

“त्याच पोरीचं तोंड नकली औषधाच्या बाटलीवर छापलंय. तू ओळखलंस. ओळखलंस आणि बाटली भिंतीकडे फिरवलीस.”

मग मामांनी शेवटचं अस्त्र काढलं. आवाज आणखी खाली आणला. “याच खोलीत तिचा पाळणा होता. तो कुणी बांधला होता?”

“तूच बांधलास,” भाची म्हणाली. तिला रडू येत होतं आणि त्याचाच तिला राग येत होता. “म्हणून तर कधी तोंड उघडलं नाही. तू पट्टी लावलीस, मी बघत बसले. पण आता बाहेर तो माणूस आपल्या चोरीपायी मरायला उभा केलाय, आणि नवं लेबल मी कुठं करायचं? याच मशीनवर! म्हणजे तेही उद्या त्यांच्या हातात! आणि लेबलाचं सोड. शाळेची ओळखपत्रं यातच आहेत, सगळ्या पोरांचे फोटो, पत्ते. लोक घराची कागदपत्रं स्कॅन करायला येतात आणि म्हणतात, असू दे तुमच्याकडे, पुढच्या वेळी लागतील. ते सगळं कुणाच्या घरी जाऊन बसलंय, सांग मला.”

“हळू बोल. बाहेर ऐकू जाईल.”

“जाऊ दे की.”

तिनं वाकून भिंतीतली इंटरनेटची वायर उपटली. फोनवर त्या पडद्याचा एक फोटो काढला. मामा दारात आडवे उभे होते. सबंध आयुष्यात तिनं मामांना कधी धक्का दिला नव्हता, आणि द्यावा लागलाही नाही. ती चालत आली आणि ते बाजूला झाले.

“काकांनी काही केलेलं नाही,” ती बाहेर येऊन म्हणाली. “डिझाईन इथून गेलंय. माझ्या कॉम्प्युटरमधून. आम्ही क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर वापरतो, त्याच्याबरोबर चोर आत आला. आम्हीच घेतला त्याला.”

औषधवाल्यांनी एकदा तिच्याकडे आणि एकदा काकांकडे पाहिलं. “तुम्ही त्यांना पाठीशी घालताय.”

“बाटलीवर जे ध्यान आहे ना, ते माझं आहे.” तिनं फोन पुढं केला. पडद्यावर तोच फोटो, तेच खुंट, तीच खिडकी. “तुमचा फोटो येईपर्यंत मी जागा धरायला हिचा लावला होता. ते लेबल मी आणि मामा सोडून कुणी पाहिलेलं नाही. काकांकडे गेलेल्या फाईलमध्ये ही नव्हतीच. काकांनी विकलं असतं तर बाटलीवर तुमचं गुबगुबीत पोर असतं.” मग तिनं पुढचा फोटो दाखवला, लाल अक्षरांचा.

औषधवाल्यांनी बाटली उचलली, फोनशेजारी धरली आणि खूप वेळ बघितली. काका दारातून आत आले आणि पहिल्यांदाच खुर्चीवर टेकले. त्यांनी चिंधीनं तोंड पुसलं, शाई गालाला लागली, कुणी सांगितलं नाही.

मग औषधवाल्यांचा भडका उडाला. काय बोलले नाहीत ते! मामांना बोलले, भाचीला बोलले, जगातल्या समस्त डिझाईनवाल्यांना बोलले. भाचीनं ऐकून घेतलं, कारण त्यातलं बरंचसं खरं होतं. पण शेवटी ते म्हणाले, “आणि हे या चार भिंतींबाहेर जाता कामा नये. बोभाटा झाला तर माझी खरी बाटलीसुद्धा कुणी हातात धरणार नाही.”

“आत्ता काकांचं नाव गावभर करायला निघाला होतात,” भाची म्हणाली. “तेव्हा बोभाट्याची भीती नव्हती वाटत?”

“ताई, तोंड सांभाळून.”

“सांभाळत होते इतके दिवस. त्या नकली बाटल्या अजून दुकानांत आहेत. आज एखादी आई ती विकत घेऊन पोराला पाजेल. तुम्ही गप्प बसा हवं तर, मी बोभाटा करणार. मी पत्रक काढणार.”

“आणि लोकांनी खरं-खोटं ओळखायचं कसं? लेबल तर सारखंच आहे,” औषधवाले म्हणाले, आणि बोलता बोलताच थांबले. उत्तर त्यांच्या हातातच होतं, दोन दात पडलेलं. काकांना कळलं, आतल्या दाराशी उभ्या मामांना कळलं, आणि भाचीला तर आधीच कळलं होतं. नकली बाटलीची खूण एकच होती.

“लेकराचा चेहरा लावणार तू भिंतीवर?” मामा म्हणाले. तेवढं मात्र त्यांना सहन झालं नाही. “नकली म्हणून?”

“तिला विचारून लावीन. आपल्याला कुणी विचारलं नव्हतं, म्हणून मी तिला विचारीन.”

भिंगरी शाळेतून आली तेव्हा भाचीनं तिला समोर बसवून सगळं सांगितलं. दात आता आले होते, चांगले मोठे मोठे, आणि केसही सरळ झाले होते. तिचं पहिलं म्हणणं असं पडलं की हाच फोटो कशाला, याच्यात मी माकड दिसते, दुसरा चांगला लाव. दुसरा लावता येत नाही हे पटायला वेळ लागला. मग ती जरा वेळ बाटलीकडे बघत बसली.

“लोकांना वाटेल मीच नकली औषध विकते.”

“नाही वाटणार.”

“वाटेल. तू लिही की मी चोर नाही.”

कॉम्प्युटर बंदच होता, म्हणून भाचीनं पत्रक हातानं काढलं, ब्रश आणि काळी शाई घेऊन, जाड अक्षरांत. ती ते घेऊन छापखान्यात गेली तेव्हा काका तिच्याशी काही बोलले नाहीत. इतके दिवस गल्लीतल्याच दुकानात चोर पोसला जात होता आणि उद्या त्यांच्याच नावानं ओरड होणार होती, हे ते एका सकाळीत कसं विसरतील? त्यांनी कागद उजेडात धरून सगळा वाचला. मग मशीन सुरू केलं. मशीनच्या आवाजात ते काहीतरी म्हणाले, तिला ऐकू आलं नाही. तिनं विचारल्यावर ते ओरडून म्हणाले, “छापखान्याचा दोष नाही, ही ओळ मोठी काढायला हवी होती!” आणि त्यांनी तिला पुन्हा काढायला लावली. तिनं निमूटपणे मोठी काढली.

पहिलं पत्रक तिनं मामांच्याच दुकानाच्या दारावर लावलं.

“माझ्याच दारावर?” मामा म्हणाले.

“चोर इथूनच आत आला.”

“उद्यापासून येऊ नकोस कामाला.”

“येणार,” भाची म्हणाली. “आधी मशीन धुऊन पुसून साफ होईल. मग सॉफ्टवेअर विकत येईल, नसेल परवडत तर रीतसर फुकट मिळतं ते येईल. मग मी आत बसेन. तोवर इथं दारात खुर्ची टाकून बसते. ज्यांची कागदपत्रं आपल्याकडे होती त्यांना सांगायला कुणीतरी लागेलच. तू सांगणार असशील तर मी उठते.”

तिनं खरंच खुर्ची आणून दारात टाकली. मामा आत जाऊन बसले, बाहेर आले, पुन्हा आत गेले. वाऱ्यानं पत्रकाचा वरचा कोपरा सुटून फडफडू लागला. भाचीनं पाहिलं, पण तेवढ्यात एक बाई मुलाच्या ओळखपत्राचं विचारायला आली आणि ती तिला सगळं पहिल्यापासून सांगू लागली. ती बाई काही मिठी मारायला आली नव्हती. ती तोंडाला येईल ते बोलली आणि तणतणत निघून गेली. भाची खुर्चीतून हलली नाही.

मग एक गिऱ्हाईक थांबलं. जुनं, मामांच्या ओळखीचं. त्यानं मान वाकडी करून फडफडणारा कागद मोठ्यानं वाचला. “ही मुलगी चोर नाही. हिचा फोटो ज्या औषधाच्या बाटलीवर दिसेल ती बाटली नकली आहे, मुलांना देऊ नका. हिचा फोटो आणि ते लेबल आमच्या दुकानातून चोरीला गेलं, कारण आम्ही चोरीचं सॉफ्टवेअर वापरत होतो. छापखान्याचा यात काडीचाही दोष नाही. आपले फोटो, कागदपत्रं आमच्याकडे असतील तर येऊन भेटा.” मग त्यानं आत डोकावून विचारलं, “अहो मामा, काय हे? कुणीतरी चेष्टा केलीय की काय तुमची?”

भाचीनं मागे वळून पाहिलं नाही. तिला मामांच्या चपलांचा आवाज ऐकू आला, आणि रिळावरून चिकटपट्टी ओढल्याचा. मामा तिच्या खुर्चीला वळसा घालून दाराशी आले. त्यांनी सुटलेला कोपरा सरळ केला, वर पट्टी लावली आणि अंगठ्यानं नीट दाबली.

“वाचता येतं ना तुम्हाला?” ते गिऱ्हाइकाला म्हणाले. “मग लिहिलंय ते खरं आहे. आणि पोरगी आमची आहे.”